'सुमन' : एका लिंगनिरपेक्ष नामाची व्युत्पत्ती आणि अर्थप्रवास

प्रस्तावना

महाराष्ट्रातील महाविद्यालयाच्या प्रवेशयादीत 'सुमन' हे नाव आले की लिपिकाचा हात सवयीने त्यापुढे 'कु.' लिहितो. हा विद्यार्थी बिहारमधून वा बंगालमधून आलेला मुलगा आहे, हे पहिल्या हजेरीच्या वेळी ध्यानात येते. आणि मग ओळखपत्र, परीक्षा अर्ज, गुणपत्रिका अशी दुरुस्त्यांची मालिका सुरू होते. यात लिपिकाला सर्वस्वी दोष देता येणार नाही. मराठी भाषकाच्या कानाला हे नाव स्त्रीचेच वाटते. आजीच्या पिढीत सुमनताई, सुमनमावशी, सुमनवहिनी घरोघरी होत्या. आज मात्र पाळण्यातील मुलीसाठी हे नाव क्वचितच निवडले जाते आणि मुलासाठी तर मराठी घरात त्याचा विचारही होत नाही. मुलगा व मुलगी दोघांनाही शोभेल असे नाव शोधणारे पालक अलीकडे आढळतात. परंतु नावांच्या पुस्तकांतून त्यांच्या हाती 'सुमन म्हणजे फूल' एवढाच त्रोटक अर्थ लागतो. हा अर्थ चुकीचा नाही, पण तो पहिला नाही. या नामाची लिंगनिरपेक्षता मूळ शब्दाच्या रूपातच कशी आहे व मराठीत ती कशी लोपली, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

शब्दाची घडण

'सुमन' हे मराठी रूप संस्कृतातील 'सुमनस्' या सकारान्त प्रातिपदिकापासून आले आहे. 'सु' आणि 'मनस्' यांचा हा बहुव्रीही समास असून 'ज्याचे किंवा जिचे मन चांगले आहे' असा त्याचा विग्रह होतो. बहुव्रीही समास विशेषणाप्रमाणे वागतो व ज्या नामाचे वर्णन करतो त्याचे लिंग घेतो. एवढ्याने काही वेगळेपण सिद्ध होत नाही. वेगळेपण आहे ते रूपसिद्धीत. 'निर्मल', 'विमल', 'सुंदर' ही अकारान्त विशेषणे स्त्रीलिंगी होताना 'निर्मला', 'विमला', 'सुंदरी' अशी रूपे घेतात. म्हणजे स्त्रीत्व दाखवणारा प्रत्यय त्यांना जोडावा लागतो. 'सुमनस्' या शब्दाला असा प्रत्यय लागत नाही. पाणिनीच्या अष्टाध्यायीतील सहाव्या अध्यायात सांगितलेल्या नियमानुसार अशा सकारान्त शब्दांचा उपान्त्य स्वर प्रथमेच्या एकवचनात दीर्घ होतो आणि 'सुमनाः' हे रूप तयार होते. ते पुरुषासाठी जसे वापरले जाते तसेच स्त्रीसाठीही. 'सुमनाः बालकः' आणि 'सुमनाः बालिका' हे दोन्ही प्रयोग व्याकरणदृष्ट्या शुद्ध होत. 'सुमनसा', 'सुमनसे' ही पुढील विभक्तींची रूपेही दोघांना समानच आहेत.

वैदिक वाङ्मयात याचा प्रत्यय येतो. ऋग्वेदाच्या तिसऱ्या मंडलातील चौथ्या सूक्तात हे विशेषण अग्नीला उद्देशून आले आहे, तर दहाव्या मंडलातील पंचाऐंशीव्या, म्हणजे प्रसिद्ध विवाहसूक्तात तेच विशेषण, त्याच रूपात, नववधूसाठी योजिले आहे. एकीकडे देव, दुसरीकडे सासरी निघालेली कन्या. आणि दोघांकडून एकच अपेक्षा, ती प्रसन्न व अनुकूल मनाची. फुलाचा येथे संबंध नाही.

या शब्दाचे कुटुंब मराठी वाचकाच्या परिचयाचे आहे, फक्त नाते ध्यानात येत नाही. 'सुमनस्' या विशेषणापासून 'सौमनस्य' हे भाववाचक नाम सिद्ध होते व पतंजलींच्या योगसूत्रांत ते शौचाच्या फलांमध्ये गणले गेले आहे. 'विमनस्' पासून 'वैमनस्य' होते. 'पूर्ववैमनस्यातून हल्ला' अशा बातम्या वाचताना त्या शब्दाच्या पोटात 'सुमन' या नावाचे सख्खे भावंड आहे, हे सहसा कोणाच्या मनात येत नाही.

भारताबाहेरील नातेवाईक

तौलनिक भाषाशास्त्रात 'सुमनस्' हा शब्द एका प्राचीन वारशाचा नमुना मानला जातो. ग्रीक भाषेतील 'युमेनेस' हे विशेषण रचनेने व अर्थाने त्याचे अगदी जवळचे भावंड आहे, आणि तेथेही पुल्लिंगी व स्त्रीलिंगी प्रथमारूप एकच आहे. या विशेषणाचे तेथे विशेषनामही झाले. अलेक्झांडरचा चिटणीस व पुढे सेनानी झालेला कार्डियाचा युमेनेस इतिहासाला परिचित आहे. त्याच विशेषणापासून 'युमेनिडीस' हे सूडदेवतांचे नाव तयार झाले. ज्यांचा कोप टाळायचा त्यांनाच 'सुमनस्क' म्हणण्याची ही पद्धत. आपल्याकडे अंगावर फोडी आणणाऱ्या भयंकर रोगाला लोकांनी 'देवी' म्हटले, त्यामागील मनोवृत्ती याहून निराळी नव्हती.

इराणी शाखेत 'मनस्' शी संबद्ध असलेले एक नाव दख्खनच्या इतिहासात येऊन पोहोचले आहे. अवेस्ता भाषेतील 'वोहु मनह' म्हणजे 'सद्विचार' किंवा 'चांगले मन'. यातील 'वोहु' हा संस्कृत 'वसु' होय, आणि महाभारतातील ययातीच्या कन्येचा पुत्र 'वसुमना' याचे नाव जवळपास त्याच घटकांचे बनले आहे. 'वोहु मनह' चे फारसीत 'बहमन' झाले. इ. स. १३४७ मध्ये गुलबर्गा येथे राज्य स्थापन करणाऱ्या अलाउद्दीन हसनने स्वतःचा वंश इराणी वीर बहमन याच्याशी जोडला व त्यावरून त्याचे घराणे बहमनी म्हणून ओळखले गेले. हे नाव 'ब्राह्मण' शब्दावरून आले ही आख्यायिका शालेय पुस्तकांतून बरीच रुळली असली तरी इतिहाससंशोधक ती स्वीकारत नाहीत. महाराष्ट्रातील पारशी कुटुंबांत 'बेहमन' हे नाव आढळते ते याच परंपरेतून. 'सुमन' आणि 'बेहमन' या दोन नावांच्या उत्तरार्धात एकच 'मन' आहे.

फूल, देव आणि गहू

चांगल्या मनाचे फूल कसे झाले? महाभारताच्या अनुशासनपर्वात शुक्राचार्य आणि बली यांच्या संवादात याचे परंपरागत उत्तर आहे : फुले मनाला आल्हाद देतात व शोभा आणतात, म्हणून त्यांना 'सुमनस्' म्हणावे. अर्थात येथे मन फुलाचे नाही, पाहणाऱ्याचे आहे. विशेषण वस्तूवरून तिच्या परिणामाकडे सरकले, असे अर्थपरिवर्तन भाषेत नवे नाही.

फुलाच्या अर्थी हा शब्द संस्कृतात मुख्यत्वे स्त्रीलिंगी आणि तोही बहुवचनी मानला गेला. पाणिनीच्या परंपरेतील लिंगानुशासनात 'अप्', 'सिकता', 'वर्षा' यांच्या बरोबरीने त्याची गणना आहे. पाणी, वाळू आणि पाऊस यांच्याप्रमाणे फुलेही समूहानेच पाहिली गेली. या नामाला स्त्रीत्व पहिल्यांदा चिकटले ते बहुधा येथे. मनाला लिंग नव्हते, ते फुलाला आले.

अमरसिंहाच्या कोशात तर या शब्दाची मौज पाहण्यासारखी आहे. स्वर्गवर्गात 'सुमनस्' हा देवांचा पर्याय आहे. पुढे तोच स्त्रीलिंगी होऊन फूल होतो. वनौषधिवर्गात 'सुमना' म्हणजे मालती अथवा जाती, म्हणजे आपली जाई. 'जाई' हा मराठी शब्द 'जाती' वरूनच आला असल्याने जाई व सुमना या नावाच्या दोन मुली कोशाच्या दृष्टीने एकाच नावाच्या ठरतात. आणि अकारान्त पुल्लिंगी 'सुमन' या शब्दाचा अमरकोशातील अर्थ आहे गहू! तेव्हा 'पुल्लिंगी सुमन' म्हणजे काय, असे काटेकोरपणे विचारले तर कोशाचे उत्तर फारसे काव्यमय नाही. मुलाचे नाव म्हणून अभिप्रेत असलेला शब्द हा अकारान्त नसून सकारान्त होय, हे म्हणूनच सांगावे लागते.

पाली परंपरेतील सुमन आणि सुमना

हे नाव पुरुष व स्त्री अशा दोघांनीही धारण केल्याचा भरघोस पुरावा बौद्ध वाङ्मयात आहे. पालीमध्ये शेवटचा 'स्' गळून पुरुषासाठी 'सुमन' व स्त्रीसाठी 'सुमना' अशी जोडी पडली. अनाथपिंडिकाच्या एका कन्येचे नाव सुमना. विशाखेच्या मातेचेही तेच. संघमित्रेचा पुत्र, म्हणजे सम्राट अशोकाचा नातू, सुमन नावाचा श्रामणेर होता व तो महिंदाबरोबर सिंहलद्वीपात गेला, असे महावंस सांगतो. त्याच ग्रंथात बिंदुसाराचा ज्येष्ठ पुत्र सुमन व त्याची पत्नी सुमना अशी पतिपत्नींची जोडी आहे. पती मारला गेल्यावर गर्भवती सुमना राजधानीतून निसटते आणि तिचा पुत्र निग्रोध पुढे अशोकाच्या धर्मप्रवेशास निमित्त होतो. धम्मपदाच्या अट्ठकथेतील सुमन हा राजा बिंबिसाराला रोज जाईची फुले पुरवणारा माळी आहे. राजाची फुले तो बुद्धावर उधळतो. त्याच्या नावात मन आणि जाई दोन्ही एकत्र आली आहेत.

मराठीत काय घडले

मराठीत 'सुमन' हे सामान्यनाम नपुंसकलिंगी आहे : ते सुमन, ती सुमने. 'कुसुम' आणि 'कमल' यांचीही हीच स्थिती. ही तिन्ही नपुंसकलिंगी नामे मराठीत मुलींना दिली गेली. वि. वा. शिरवाडकरांनी 'कुसुमाग्रज' हे टोपणनाव घेतले ते कुसुम नावाच्या बहिणीचे थोरले बंधू म्हणून. कमल देसाई या मराठीतील महत्त्वाच्या लेखिका, तर तमिळ चित्रपटसृष्टीतील कमल हासन हे पुरुष. गायिका सुमन कल्याणपूर यांना २०२३ मध्ये पद्मभूषण मिळाले. हिंदी कवी शिवमंगल सिंह (१९१५–२००२) यांनी मात्र 'सुमन' हेच उपनाम घेतले. बंगालीत 'सुमन' पुरुषाचे व 'सुमना' स्त्रीचे नाव मानले जाते. १९४९ साली जन्मलेले गायक कबीर सुमन हे त्याचे ठळक उदाहरण. म्हणजे एकाच नावाचे लिंग भाषेची सीमा ओलांडताच बदलते.

नपुंसकलिंगी नामे मुलींकडे का वळली, याचे एक अंग कोंकणीच्या तुलनेतून उजळते. गोव्याच्या कोंकणीत मुलीविषयी 'तें आयलें' असा नपुंसकलिंगी प्रयोग स्वाभाविक आहे. मराठीत मुलगी स्त्रीलिंगी असली तरी 'पोर', 'लेकरू', 'बाळ' या वात्सल्याच्या शब्दांत नपुंसकलिंग टिकून आहेच. लाडक्या, कोवळ्या वस्तूचे नपुंसकलिंगी नाव मुलीला देताना मराठी कानाला विसंगती जाणवली नसावी. पुरुषत्वाशी कोवळेपण न जोडण्याची सामाजिक सवयही येथे काम करत असणार. 'फूल' हा अर्थ पुढे आला तसा मुलगा या नावापासून दूर झाला, असे म्हणण्यास जागा आहे.

याहून मूलभूत अडचण मराठीच्या क्रियापदाची आहे. बंगालीत क्रियापद लिंगानुसार बदलत नाही. मराठीत 'सुमन आला' की 'सुमन आली' हे बोलणाऱ्याला ठरवावेच लागते. आदरार्थी 'आले' आणि 'आल्या' मध्येही सुटका नाही. शीख परंपरेत एकच नाव मुलामुलींना दिले जाते व लिंगभेद 'सिंग' आणि 'कौर' या उत्तरपदांकडे सोपवला जातो. मराठीत हे काम क्रियापद करते. त्यामुळे खरे पाहता मराठी नामाने लिंग सांगण्याची गरज नाही. वाक्य ते सांगतेच.

नाव, नोंद आणि कायदा

नावातूनच लिंग कळले पाहिजे, या अपेक्षेची कायदेशीर कसोटी एका भारतीय नावावरच लागली, तीही जर्मनीत. तेथे एका दांपत्याने मुलीचे नाव 'किरण' ठेवले. हे नाव स्त्रीचे की पुरुषाचे ते समजत नाही, म्हणून मुलीचे लिंग स्पष्ट करणारे दुसरे नाव जोडावे, असा आग्रह नोंदणी अधिकाऱ्याने धरला. प्रकरण घटनात्मक न्यायालयापर्यंत गेले व ५ डिसेंबर २००८ रोजी निर्णय पालकांच्या बाजूने लागला. नावातून लिंग कळलेच पाहिजे असे कोणताही कायदा सांगत नाही. मुलाच्या हिताला बाध येत असेल तरच पालकांच्या निवडीवर मर्यादा घालता येते, अशी न्यायालयाची भूमिका होती. 'किरण' हा शब्द संस्कृतात पुल्लिंगी, हिंदीत स्त्रीलिंगी आणि मराठीत 'तो किरण' असूनही अनेकवचनी 'किरणे' असा नपुंसकलिंगीही वापरला जातो. लेखक किरण नगरकर आणि पोलीस अधिकारी किरण बेदी ही दोन्ही नावे भारतीय वाचकाला मुळीच खटकत नाहीत.

भारतात असा नियम नसला तरी सवय नियमासारखी वागते. प्रवेश अर्जावर लिंगाचा रकाना स्वतंत्र असतो, आणि सर्वोच्च न्यायालयाच्या एप्रिल २०१४ च्या निकालाने तृतीय लिंगाला मान्यता दिल्यानंतर त्यात तिसरा पर्यायही देणे प्राप्त झाले आहे. तो रकाना न पाहता नावावरून 'कु.' किंवा 'श्री.' लावणे ही चूक नावाची नसून वाचणाऱ्याची आहे. तिची किंमत मात्र विद्यार्थी मोजतो : कधी दुरुस्तीच्या शुल्काने, कधी वर्गातील हशाने. हजेरी घेणाऱ्या अध्यापकालाही 'सुमन आला आहे का?' की 'आली आहे का?' हे क्षणभर ठरवावे लागते. 'सुमन उपस्थित आहे का?' असे विचारले तर तेही ठरवावे लागत नाही.