हिशेब देणारा आमदार

आमचं घर राष्ट्र सेवादलाचं, समाजवादी. जनसंघाच्या पणतीवर शिक्का मारण्याचा विचार आमच्याकडे कुणाच्या स्वप्नातही आला नसता. तरी त्या पक्षाच्या एका आमदाराचं नाव वडील मानाने घ्यायचे. रामभाऊ म्हाळगी. "विचार पटत नाहीत, पण माणूस हिशेब देतो," एवढंच म्हणायचे आणि पेपरात डोकं घालायचे.

पुढे तीस वर्षं मी शाळेत नागरिकशास्त्र शिकवलं. ‘आमदार काय करतो?’ असं विचारलं की मुलं सांगायची: रस्ता करतो, नळ आणतो, लग्नाला येतो. मग मी म्हाळगींची गोष्ट काढायची.

जन्म 1921चा, पुणे जिल्ह्यातल्या कडूसचा. संघाच्या मुशीतला माणूस, पेशाने वकील. 1957 साली संयुक्त महाराष्ट्राच्या लाटेत जनसंघ संयुक्त महाराष्ट्र समितीबरोबर होता, तेव्हा ते मावळातून निवडून आले. 1962 मध्ये पक्षाला राज्यात एकही जागा मिळाली नाही. 1967 आणि 1972 ला म्हाळगी पुन्हा विधानसभेत पोचले. तेव्हा सभागृहात आमदार 270 आणि जनसंघाचे पहिल्या खेपेला 4, दुसऱ्या खेपेला 5. एवढ्या बळावर सरकार पाडता येत नाही आणि स्वतःचं विधेयकही मंजूर करून घेता येत नाही.

मग करायचं काय? प्रश्न विचारायचे. विधिमंडळात याला ‘संसदीय आयुधं’ म्हणतात. तारांकित प्रश्न टाकला की मंत्र्याला सभागृहात उभं राहून उत्तर द्यावं लागतं आणि त्यावर उपप्रश्नही येतात. अतारांकित प्रश्नाला लेखी उत्तर मिळतं. तातडीच्या सार्वजनिक बाबीसाठी लक्षवेधी सूचना असते. यातल्या कशालाही बहुमत लागत नाही. अभ्यास लागतो, आणि खात्याचे कागद वाचायची चिकाटी. अभ्यासू आमदार म्हणून म्हाळगींचं नाव झालं ते याच वाटेने.

पण वडिलांना भावलेली गोष्ट वेगळी होती. म्हाळगी आपल्या कामाचा वार्षिक अहवाल छापून मतदारांपुढे ठेवत. कायद्याने तशी सक्ती नव्हती, आजही नाही. पाच वर्षांनी मतपेटीत काय तो निकाल लागतोच, मग दरवर्षी आपणहून परीक्षेला कोण बसेल? पण छापील कागद घरात राहतो. पुढच्या वेळी मत मागायला आलेल्या माणसापुढे तो ठेवता येतो.

आणीबाणीत म्हाळगी येरवड्याच्या तुरुंगात होते. वडिलांचे काही समाजवादी मित्रही तिथेच. बाहेर एकमेकांच्या सभांवर तोंडसुख घेणारे आत एकाच भिंतीआड आले. 1977 साली ठाण्याने म्हाळगींना जनता पक्षाकडून लोकसभेवर पाठवलं आणि 1980 मध्ये, देशभर त्या पक्षाची धूळधाण होत असताना, पुन्हा पाठवलं. 6 मार्च 1982 ला ते गेले, वयाच्या साठाव्या वर्षी. त्याच वर्षी त्यांच्या नावाने प्रबोधिनी उभी राहिली. भाईंदरजवळ उत्तनला तिचं केंद्र आहे आणि तिथे लोकप्रतिनिधींना कामकाजाचं प्रशिक्षण मिळतं.

म्हाळगींच्या विचारांशी माझं आजही जुळत नाही. धर्म आणि राजकारण यांची सांगड मला तेव्हाही खटकायची, आता जास्त खटकते. पण वर्गात मी मुलांना सांगायची, विरोधकाची चांगली सवय उचलायला लाज वाटू नये. त्याचा झेंडा नको, वही घ्या.

मागच्या दिवाळीत आमच्या भागातल्या एका लोकप्रतिनिधीच्या कचेरीत गेले आणि वर्षभराच्या कामाचा अहवाल मागितला. तिथल्या पोराने दोन-तीनदा ऐकून घेतलं, आत जाऊन आला आणि हातात एक दिनदर्शिका ठेवली. बाराही पानांवर साहेबांचे फोटो. कागद मात्र चांगला जाड आहे. स्वयंपाकघरात टांगलीय, तिच्यावर मी दुधाचा हिशेब लिहिते.