मूकपटातील आंगिक विनोद आणि ‘कालिया मर्दन’

मूकपटांच्या काळात लघुपटांतून जो धांगडधिंग्याचा विनोद जगभर लोकप्रिय झाला, त्यास ‘स्लॅपस्टिक’ म्हणतात. इटालियन प्रहसनांतील पात्रे दोन पातळ फळ्या जोडून केलेली काठी वापरीत. तिचा आवाज मोठा, मार मात्र हलका. त्यावरून हे नाव पडले. फजिती मोठी दिसावी, पण इजा कोणासच होऊ नये, हेच या विनोदाचे मर्म होय.

दादासाहेब फाळके यांनी या आंगिक विनोदाचे सामर्थ्य लवकर ओळखले होते. जानेवारी १९१४ मध्ये मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात ‘मोहिनी भस्मासुर’ दाखविला गेला, तेव्हा त्याच्या जोडीस ‘पिठाचे पंजे’ हा विनोदी लघुपट होता. चार्ली चॅप्लिन पडद्यावर प्रथम आला तो त्यानंतर, फेब्रुवारीत. तथापि अमेरिकेत कीस्टोन कंपनीने अशा लघुपटांचा स्वतंत्र व्यवसाय उभारला, तसे येथे झाले नाही. येथे पौराणिक चित्रपट मुख्य राहिला आणि लघुपट त्याचा केवळ सोबती.

यावरून हा विनोद येथे रुजलाच नाही, असा निष्कर्ष काढणे मात्र घाईचे होईल. फाळके यांचा ‘कालिया मर्दन’ (१९१९) पाहावा. यात त्यांची कन्या मंदाकिनी हिने बाळकृष्णाची भूमिका केली. कालियाशी झुंज येण्यापूर्वी बराच वेळ कृष्णाच्या खोड्याच चालतात. एक स्त्री त्याच्या सवंगड्यावर पाणी ओतते. मुले तिच्या घरचे लोणी पळवून सूड घेतात. पुढे कृष्ण एका धनिकाच्या शयनगृहात शिरून त्याची दाढी पत्नीच्या केसांना बांधतो. आगळीक, तिची सव्याज परतफेड आणि त्यातून उडालेला गोंधळ, ही रचना स्लॅपस्टिकचीच आहे. ती समजण्यास अक्षरओळखही लागत नाही.

या खोड्यांत प्रेक्षकास काही अनुचित वाटण्याचे कारण नव्हते. तमाशाच्या गौळणीतील पेंद्याने देवाच्या संगतीत हसण्याची सवय त्यास आधीच लावली होती. जो विनोद परदेशी स्वतंत्र लघुपटात वाढला, त्याने येथे कृष्णलीलेचा आश्रय घेतला.

आपल्या मूकपटांपैकी फारच थोडे आज उपलब्ध आहेत. म्हणून अभ्यासकाने केवळ शीर्षकांवरून ‘पौराणिक’ व ‘विनोदी’ अशी वर्गवारी करू नये. तसे केल्यास जो विनोद प्रत्यक्ष पडद्यावर शिल्लक आहे, तोही इतिहासातून गळून जाईल.