सुमित्रा भावे: सिनेमा न शिकता सिनेमा करणारी पुण्याची बाई

हा आपल्या पॉडकास्टच्या भागाचा लिखित मजकूर आहे. 'अं', 'म्हणजे' आणि मागे वाजणारे रिक्षाचे हॉर्न काढून टाकलेत, बाकी बोललो तसंच ठेवलंय.

मागच्या आठवड्यात एका श्रोत्याने फर्माईश केली होती की फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दावर एक भाग करा. वाचायला बसलो आणि दोन दिवसांत लक्षात आलं, की हिची गोष्ट मला ओळखीची वाटतेय. कारण असंच एक माणूस आपल्या पुण्यात होतं. त्यामुळे वार्दाबाई आज पाहुण्या म्हणून येतील, भाग मात्र सुमित्रा भावेंचा.

आधी पाहुण्यांचं पटकन उरकतो. वार्दा जन्मली 1928 साली ब्रसेल्समध्ये. पेशाने फोटोग्राफर, पॅरिसच्या एका नाट्यसंस्थेसाठी फोटो काढायची. सिनेमाचं शिक्षण शून्य, आणि फार सिनेमे पाहिलेही नव्हते असं ती स्वतःच सांगायची. तरी 1955 मध्ये तिने 'ला प्वाँत कुर्त' नावाचा सिनेमा केला, समुद्रकाठच्या कोळीवस्तीत, खरे कोळी घेऊन. फ्रान्समधल्या ज्या 'न्यू वेव्ह'चं नाव फिल्मवाले मित्र आदराने घेतात, ती यायला अजून तीन-चार वर्षं होती!

आता पुण्यात या.

सुमित्रा भावे जन्मल्या 12 जानेवारी 1943 रोजी, पुण्यातच. शाळा आगरकर मुलींची, कॉलेज फर्ग्युसन. नंतर राज्यशास्त्र आणि समाजशास्त्र, मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेत समाजकार्याचं शिक्षण, मग पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत अध्यापन. मधे काही काळ दिल्ली आकाशवाणीवर मराठी बातम्याही वाचल्या. या सगळ्या बायोडेटात सिनेमा कुठे आहे? कुठेच नाही. लॉ कॉलेज रस्त्यावरची एफटीआयआय हाकेच्या अंतरावर, पण त्या तिथे शिकल्या नाहीत.

त्या काम करत होत्या वस्त्यांमधल्या बायकांवर. म्हणजे संशोधन: त्या स्वतःकडे कशा बघतात, नवरा, दारू, मुलं, मजुरी या सगळ्यात त्यांचं 'मी' कुठे असतं. अशा संशोधनाचा अहवाल होतो, तो इंग्रजीत असतो आणि कपाटात जातो. ज्या बाईने दोन-दोन तास बसून आपलं आयुष्य सांगितलं, तिला तर तो वाचताही येत नाही. आमच्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर सगळा डेटा युजरकडून घेतला आणि आउटपुट युजरला कधी दाखवलंच नाही. मग हे त्या बायकांपर्यंत परत न्यायचं कसं? उत्तर निघालं सिनेमा.

त्यातून 1985 मध्ये 'बाई' हा लघुपट झाला. त्या वेळी त्या बेचाळीस वर्षांच्या होत्या. (आमच्या ऑफिसात तिशी आली की लोक 'आता करिअर बदलायला उशीर झाला' म्हणतात, म्हणून आकडा सांगितला.) 'बाई'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग 1987 मध्ये 'पाणी', त्यालाही राष्ट्रीय पुरस्कार.

याच सुमारास त्यांना सुनील सुकथनकर भेटले. वयाने वीसेक वर्षांनी लहान, एफटीआयआयमध्ये शिकलेले. पुढची पस्तीसएक वर्षं दोघांनी जोडीने दिग्दर्शन केलं. लेखन मुख्यतः सुमित्राताईंचं, गाणी सुनील यांची, आणि संस्थेचं नाव 'विचित्र निर्मिती'. नाव भारी आहे की नाही?

पहिला मोठा चित्रपट 'दोघी', 1995. लग्नाच्या दिवशी वऱ्हाडाला अपघात होतो आणि गाव नवऱ्या मुलीलाच अपशकुनी ठरवतं. घरात खायला नाही, मग मामा तिला मुंबईला नेतो, आणि तिथे काय कामाला लावतो ते कळूनही सगळे तिने पाठवलेल्या पैशांवर जगतात. रेणुका दफ्तरदार मोठी बहीण, सोनाली कुलकर्णी धाकटी. सिनेमा रडारड करत नाही. तिच्या पैशावर जगणाऱ्यांना तिचं घरी परत येणं किती अवघड जातं, ते शांतपणे दाखवतो.

'दहावी फ' तुमच्यापैकी अनेकांनी शाळेत पाहिला असेल. 'एक कप च्या'मध्ये कोकणातल्या एका एसटी कंडक्टरला अवाच्या सवा वीजबिल येतं आणि तो माहितीच्या अधिकाराचा अर्ज करायला शिकतो. एका अर्जावर अख्खा सिनेमा! 'वास्तुपुरुष'ला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण मला तो जरा लांबलेला वाटतो. असो.

मला जास्त बोलायचंय ते तीन सिनेमांबद्दल: 'देवराई', 'अस्तु' आणि 'कासव'. तिन्ही मनाच्या आजारांबद्दल.

'देवराई' 2004 चा. अतुल कुलकर्णीने केलेला शेष स्किझोफ्रेनियाने आजारी आहे. आपल्याकडच्या सिनेमात 'वेडा' म्हणजे एक तर विनोद, नाही तर खुनी. इथे तो घरातला भाऊ आहे, आणि बहिणीला तिचा संसार सांभाळून त्याचं बघायचंय. तिचा वैतागही सिनेमा लपवत नाही.

'अस्तु'मध्ये डॉ. मोहन आगाशे संस्कृत पंडित आहेत. अल्झायमर झालाय. मुलगी थोडा वेळ गाडीत बसवून जाते, तेवढ्यात रस्त्याने हत्ती जातो आणि हे लहान मुलासारखे त्याच्या मागे निघून जातात. पंडिताला आपलं नाव सांगता येत नाही, आणि माहुताची बायको चन्नम्मा, जिला याच्या विद्वत्तेतलं काहीही ठाऊक नाही, ती त्याला सरळ लेकरासारखं भरवते. ही भूमिका अमृता सुभाषची, तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि संवादांसाठी सुमित्राताईंना. आमच्या घरी आजोबांचं असंच सुरू होतं तेव्हा आम्ही सगळे त्यांना आठवण करून द्यायला धडपडायचो, 'आबा, ओळखा बघू मी कोण?' चन्नम्मा हा प्रश्न विचारतच नाही. आईने तो प्रसंग दोनदा मागे नेऊन पाहिला, आणि त्या संध्याकाळपासून घरातली ती प्रश्नमंजूषा बंद झाली.

आणि 'कासव'. इथे वार्दाबाईंना परत बोलावतो. 'बाई' आली त्याच 1985 साली वार्दाच्या एका सिनेमाला व्हेनिसमध्ये 'गोल्डन लायन' मिळाला. इंग्रजीत त्याचं नाव 'व्हॅगाबाँड'. एक भटकी मुलगी थंडीने गारठून मेलेली सापडते, आणि तिला वाटेत भेटलेले लोक तिच्याबद्दल सांगतात. भेटले सगळे, पण शेवटपर्यंत थांबलं कुणीच नाही. 'कासव'मध्येही असाच एक भरकटलेला मुलगा आहे, आलोक राजवाडेने केलेला, जगणं नको झालेला. फरक इतकाच की त्याला इरावती हर्षेची जानकी घरी घेऊन जाते. ती स्वतः नैराश्यातून गेलेली आहे, त्यामुळे 'काय झालं', 'कुठला तू', 'घरी कोण असतं' असं काही विचारत नाही. जेवायला वाढते आणि वाट बघते. बाजूला किनाऱ्यावर कासवाच्या अंड्यांची राखण चाललेली. पिल्लं समुद्राकडे जाताना त्यांना हातात उचलून नेत नाहीत, फक्त वाट मोकळी ठेवतात.

या सिनेमाला 2017 मध्ये जाहीर झालेलं सुवर्णकमळ मिळालं, म्हणजे देशातला सर्वोत्कृष्ट चित्रपट. मराठीत याआधी हा मान फक्त 'श्यामची आई', 'श्वास', 'देऊळ' आणि 'कोर्ट'ला मिळाला होता. त्या वेळी सुमित्राताई चौऱ्याहत्तर वर्षांच्या.

ऐकणाऱ्यांपैकी कुणाला तसं वाटत असेल, तर 14416 हा सरकारचा 'टेलिमानस' क्रमांक आहे. फुकट आहे आणि मराठीतही बोलता येतं.

19 एप्रिल 2021 रोजी सुमित्राताई पुण्यातच गेल्या. कोविडची दुसरी लाट होती, थिएटरं बंद. त्यांचा शेवटचा चित्रपट 'दिठी' पुढच्याच महिन्यात थेट ओटीटीवर आला. दि. बा. मोकाशींच्या कथेवरचा. तरणाताठा मुलगा पुरात गेलाय, बाप लोहार आहे आणि वारकरीही, आणि त्याच पावसात त्याला बोलावणं येतं: गाय अडलीय, सोडवायला ये.

सुरुवात याच सिनेमापासून करा. फोनवर बघितलात तरी चालेल, पण हेडफोन लावा, त्यातला पाऊस ऐकण्यासारखा आहे. 'दोघी' कुणाला चांगल्या प्रिंटमध्ये सापडला तर मला कळवा, मी केव्हापासून शोधतोय. भेटू पुढच्या गुरुवारी.