आजोबांची वहाण आणि नातवाचे चार जोड

आमच्या वस्तीतला एक तरुण जालन्याच्या एमआयडीसीत लोखंडाच्या कारखान्यात कामाला आहे. परवा आम्ही जयंतीच्या वर्गणीची पावती द्यायला त्याच्या घरी गेलो, तर वडील तणतणत होते. कारण काय, तर पोराने बुटांचा चौथा जोड आणला! चारही खोकी मांडणीवर रचलेली. दोन जोड तर अजून जमिनीला लागलेले नाहीत. आम्ही पडलो कारकून. मनात बेरीज करता करता चहा गार झाला.

हे खूळ श्रीमंतांचे, असे मात्र वाचकांनी समजू नये. स्नीकर, म्हणजे रबरी तळाचे खेळाचे बूट, जमवण्याचा छंद अमेरिकेत फोफावला तो बराचसा कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांतून. १९८५ साली नायकी कंपनीने बास्केटबॉलपटू मायकेल जॉर्डन यांच्या नावाचा बूट काढला. १९८६ मध्ये न्यूयॉर्कच्या रन-डीएमसी या गायकांनी आपल्या आदिदास बुटांवर गाणे केले. ज्या पोरांना पोलीस रस्त्यात हटकत, त्यांचीच ऐट कंपन्यांनी जगभर विकली. थोडेच जोड काढायचे आणि भाव चढवायचा, ही त्यातली युक्ती. जॉर्डन यांनी १९९८ च्या अंतिम मालिकेत घातलेला जोड २०२३ मध्ये लिलावात २२ लाख डॉलरला, म्हणजे सुमारे १८ कोटी रुपयांना गेला!

आपल्याकडे पायातल्या वस्तूचा इतिहास निराळा. गावातून जाताना वहाणा हातात घ्यायच्या, हा आपल्या माणसांना दंडक. ज्यांनी कातडे कमावले त्यांचेच पाय पोळले. बाबासाहेबांच्या सूटबुटाचे मोल आपल्या आयाबायांना उगाच कळले नाही. आणि हे सारे जुने झाले म्हणावे, तर २०१८ साली गुजरातेत १३ वर्षांच्या एका दलित मुलाला मोजडी घातली म्हणून मारहाण झाली.

खाटेवरचे आजोबा म्हणाले, "आमी येशीपसून पायताण काखेत मारायचो. घालू द्या त्याला."

"घालतो कुठं? खोक्यातच ठिवतो!" वडील म्हणाले.

त्याच घरातली मुलगी पोलीस भरतीसाठी रोज पहाटे ८०० मीटर पळते, शिवलेल्या कॅनव्हासच्या बुटात. तिने तोंडातून शब्द काढला नाही. आम्ही मात्र विचारलेच. तिचे माप भावापेक्षा दोन नंबरांनी लहान. थोड्या वेळाने पोराने न वापरलेले एक खोके खाली काढले आणि दुकानदार माप बदलून देईल का, असे आम्हालाच विचारले. देईल, पण पावती लागेल, आम्ही म्हणालो. मग सगळे घर पावती शोधू लागले.