पडद्यावरचा अजिंठा कितपत खरा?

प्राचीन चित्रतंत्रावरील माहितीपटांत एक प्रसंग बहुधा ठरलेला असतो. चित्रकार ओल्या चुन्यावर कुंचला फिरवतो आणि अजिंठ्याचे कलावंतही असेच, पानाफुलांच्या रंगांनी चित्रे काढीत, असे निवेदक सांगतो. दृश्य देखणे असते. तंत्र मात्र अजिंठ्याचे नसते.

ओल्या चुन्यावरील चित्रणाला फ्रेस्को म्हणतात. चुना हवेतील कार्बन डायऑक्साइड शोषून दगडासारखा घट्ट होतो आणि रंग त्यातच बंदिस्त होतो. त्यामुळे हे काम घाईचे. गोव्यातील देवळांच्या भिंतींवर कावी काढणाऱ्यालाही चुना घट्ट होण्यापूर्वीच तांबडा थर खरवडून पांढरी रेघ उघडी करावी लागे. अजिंठ्यात तशी घाई नव्हती. बेसाल्टच्या भिंतीवर माती, भाताचे तूस व वनस्पतींचे तंतू यांचा गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ थर, आणि तो वाळल्यावर सरसासारख्या चिकट द्रव्यात कालवलेले रंग, असा तो क्रम. रंगही बहुतांशी खनिजच: गेरू, पिवळी माती, हिरवी माती. काळा काजळीचा, तर निळा लाजवर्द थेट अफगाणिस्तानातून आलेला. पानाफुलांची कथा कानाला गोड लागते, इतकेच.

हा भेद केवळ शब्दांचा नाही. चुन्यात मुरलेला रंग ओलाव्याला बराच काळ दाद देत नाही. सरसाने धरलेला रंग ओलाव्याने सुटतो. अजिंठ्यात प्रेक्षकांच्या श्वासाचीही धास्ती बाळगावी लागते, ती यामुळेच.

दुसरी फसगत झळाळीची. १९२०-२२च्या सुमारास निजाम सरकारने लोरेंझो चेक्कोनी व ओर्सिनी या इटालियन तज्ज्ञांकडून चित्रांची डागडुजी करवून घेतली. त्या वेळी लावलेले लाखेचे व्हार्निश पुढे पिवळे पडले. पुरातत्त्व खात्याने ते बरेचसे काढले, तरी जुन्या चित्रणातील सोनेरी छटा पाचव्या शतकाची समजणे धाडसाचे ठरेल.

बिदर जिल्ह्यातील मुडबीच्या प्रेक्षकाला अजिंठा दूर पडतो. बिदरजवळचे अष्टूर मात्र आवाक्यात आहे. तेथील अहमदशाह वली बहमनी याच्या मकबऱ्यात आतून रंगकाम आहे. मंद उजेडात ते जसे दिसते आणि प्रखर दिव्यांखाली कॅमेरा जसे टिपतो, त्यांतील अंतर तेथे उभे राहिल्यावर सहज कळते. अजिंठा आणि बिदर दोन्ही तेव्हा एकाच हैदराबाद संस्थानात होते. गुलाम याजदानी यांनी दोहोंवर ग्रंथ लिहिले.

माहितीपट पाहताना आणखी एक गोष्ट तपासावी: पडद्यावर मूळ भिंत आहे की नक्कल? १८७२ ते १८८५ या काळात जॉन ग्रिफिथ्स यांच्या देखरेखीखाली मुंबईच्या कलाशाळेतील विद्यार्थ्यांनी अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला केल्या. त्यांपैकी अनेक लंडनमध्ये जळाल्या. उरलेल्या आणि छापलेल्या आजही चित्रपटांत वापरल्या जातात. निवेदकाने लेण्याचा क्रमांक सांगितला नाही, तर शंका घेण्यास जागा आहे.