संहितेचे स्थलांतर : ‘क्रिमिनल रशिया’ आणि रूपांतराची संकल्पना

मराठी समीक्षेत भाषांतर आणि रूपांतर या संज्ञांत भेद केला जातो. भाषांतरात भाषा बदलते, स्थळ कायम राहते. रूपांतरात पात्रांची नावे, वेश, रीतिरिवाज हेही बदलतात. गो. ब. देवलांनी ‘ऑथेल्लो’वरून रचलेले ‘झुंझारराव’ (१८९०) हे रूपांतराचे परिचित उदाहरण होय. संगणकीय खेळाच्या फायली बदलून चाहते जे ‘मॉड’ तयार करतात, त्यांपैकी काहींचा विचार याच संज्ञेच्या आधारे करता येतो.

‘ग्रँड थेफ्ट ऑटो : सॅन आंद्रेआस’ हा खेळ २००४ मध्ये प्रकाशित झाला. त्याचे कथानक १९९२ साली, कॅलिफोर्निया व नेवाडा यांवर बेतलेल्या काल्पनिक राज्यात घडते. रशियन चाहत्यांनी रचलेल्या ‘क्रिमिनल रशिया’ या मॉडमध्ये हा भूप्रदेश नाहीसा होतो. त्याच्या जागी काँक्रीटच्या सोव्हिएतकालीन इमारती, झिगुली मोटारी आणि खेडी येतात. अर्झामास, लित्कारिनो, बातिरेवो ही वास्तवात परस्परांपासून दूर असलेली गावनामे एकाच नकाशावर शेजारी नांदतात. चित्रण कोणा एका गावाचे नाही. ते ‘प्रांत’ या अनुभवाचे आहे.

मात्र खेळाचे अंतर्गत नियम बहुतांशी मूळचेच राहतात. मोटार पळविणे, पोलिसांचा पाठलाग, पैशाची कमाई ही कृतींची व्याकरणव्यवस्था अमेरिकन कल्पनेतून आलेली आहे. नाट्यरूपांतर परकेपणा झाकू पाहते. येथे तो दृश्याखाली शिल्लक राहतो. तरीही तो खटकत नाही, याचे कारण इतिहासात आहे. सोव्हिएत संघ डिसेंबर १९९१ मध्ये विसर्जित झाला. मूळ कथानकाचे १९९२ हे वर्ष रशियन स्मृतीत टंचाई, टोळ्या आणि अनिश्चितता यांचे वर्ष आहे. परकी नियमव्यवस्था त्यामुळे स्वतःच्या भूतकाळाची भाषा बनते.

पुढे या मॉडला बहुखेळाडू रूप लाभले. त्यात अनेकजण बसचालक, पोलीस वा वैद्यकीय कर्मचारी यांच्या भूमिका स्वेच्छेने वठवितात. गुन्ह्याचा खेळ अशा वेळी दैनंदिन जीवनाचे सामूहिक नाट्य होतो. नियम न बदलताही आशय बदलू शकतो, ही गोष्ट रूपांतराच्या प्रस्थापित व्याख्येत सामावत नाही.

या संहितेला एकच कर्ता नाही, अंतिम पाठही नाही. मौखिक परंपरेप्रमाणे ती पाठभेदांतून जगते. परंतु तिचे अस्तित्व परावलंबी आहे. मूळ खेळाचे हक्क असलेल्या टेक-टू या कंपनीने २०२१ मध्ये या मालिकेवरील अनेक मॉड कायदेशीर मागणीद्वारे हटवावयास लावले. मौखिक साहित्याचे संकलन कथनकार हयात असताना करावे लागते. या संहितांच्या बाबतीतही तौलनिक अभ्यासकाला ती घाई करावीच लागेल.