सुकियाकी : एका तबकडीचा प्रवास

गाण्याची लोकप्रियता मोजता येते काय, असे एखाद्या रसिकाला विचारले, तर तो बहुधा हसेल. परंतु पाश्चात्त्य देशांतील ध्वनिमुद्रिकांच्या व्यापाराने हा प्रश्न मोठ्या गांभीर्याने घेतला. १९४९ साली अमेरिकेत मिनिटाला ४५ फेरे घेणारी ७ इंची तबकडी बाजारात आली. तिच्या दोन बाजूंवर दोन गाणी असत. पण गिऱ्हाईक पैसे मोजी ते बहुधा त्यांतील एका गाण्यासाठी. अशा रीतीने एकेका गाण्याचा खप स्वतंत्रपणे डोळ्यांत भरू लागला. 'बिलबोर्ड' या व्यापारी साप्ताहिकाने ऑगस्ट १९५८ पासून शंभर गाण्यांची एक क्रमवारी सुरू केली. दुकानांतील विक्री आणि नभोवाणी केंद्रांवरून होणारे वादन हे तिचे दोन आधार. सिलोन केंद्रावरील बिनाका गीतमालेची 'पायदाने' ज्यांच्या स्मरणात आहेत, त्यांना या शिडीची कल्पना सहज येईल.

या शिडीच्या अगदी वरच्या पायरीवर १५ जून १९६३ रोजी एक जपानी गीत जाऊन बसले आणि तीन आठवडे तेथेच राहिले. ऐकणाऱ्या अमेरिकनांपैकी बहुतेकांना त्यातील एक शब्दही कळत नव्हता. हे घडले कसे?

गीताचे मूळ नाव 'उए ओ मुइते आरुको', म्हणजे 'वर पाहत चालेन'. डोळ्यांतले पाणी खाली ओघळू नये म्हणून मान वर करून रात्री एकटाच चालणारा एक माणूस, एवढाच त्याचा विषय. शब्द एइ रोकुसुके यांचे, चाल नाकामुरा हाचिदाई यांची आणि गायक साकामोतो क्यू. १९६० साली अमेरिकेशी झालेल्या सुरक्षा-कराराविरुद्ध जपानमध्ये प्रचंड निदर्शने झाली. ती निष्फळ ठरल्याची निराशा कवीच्या मनात होती, असे सांगितले जाते. परंतु गीतात राजकारणाचा उच्चारही नाही. त्यामुळे ते दुःख कोणाचेही होऊ शकले. १९६१ च्या शरदात ही तबकडी जपानमध्ये निघाली आणि दूरचित्रवाणीच्या साहाय्याने देशभर पसरली.

पुढील वर्षी पाय या ब्रिटिश ध्वनिमुद्रिका-कंपनीचे लुई बेंजामिन जपानला गेले असता ही चाल त्यांच्या कानी पडली. त्यांनी ती केनी बॉल यांच्या जाझ वाद्यवृंदाकडून वाजवून घेतली. मूळ नाव इंग्रज जिभेला पेलणार नाही, म्हणून 'सुकियाकी' हे सोपे जपानी नाव तिला दिले. सुकियाकी म्हणजे गोमांसाचे पातळ काप आणि भाज्या शिजवून केलेला एक खाद्यपदार्थ! आपल्याकडील एखादे विरहाचे भावगीत परदेशात 'झुणका-भाकर' म्हणून विकले जावे, तसाच हा प्रकार. तरी १९६३ च्या आरंभी ते वादन ब्रिटनमध्ये दहाव्या क्रमांकापर्यंत चढले.

यानंतर वॉशिंग्टन राज्यातील पास्को या गावच्या एका नभोवाणी निवेदकाने साकामोतोंची मूळ तबकडी वाजविली. श्रोत्यांची मागणी वाढू लागली. कॅपिटॉल कंपनीने ती अमेरिकेत प्रसिद्ध केली, पण नाव मात्र खाद्यपदार्थाचेच ठेवले. काही आठवड्यांत तिने लेस्ली गोर या गायिकेचे गाणे पहिल्या स्थानावरून हटविले. ब्रिटनमध्येही मूळ गायन सहाव्या क्रमांकापर्यंत पोहोचले. या यशाचे श्रेय चालीला आहे. मुख्य ओळी बहुतांशी मध्यम आणि निषाद वगळून पाच स्वरांत फिरतात. भूप ऐकलेल्या कानाला ते स्वर परके वाटत नाहीत. शिवाय मधली शीळ. तिला कोणत्याच भाषांतराची गरज नाही.

१९८१ साली 'अ टेस्ट ऑफ हनी' या गायिकांनी नवे इंग्रजी शब्द घालून तीच चाल तिसऱ्या क्रमांकावर नेली. एकाकी माणसाच्या अश्रूंची जागा आता प्रेमभंगाने घेतली. मुख्यतः कोरियन भाषेतील गीत त्या यादीच्या शिखरावर पोहोचायला मात्र २०२० साल उजाडावे लागले.

साकामोतो १२ ऑगस्ट १९८५ च्या जपान एअरलाइन्सच्या भीषण विमान अपघातात मृत्यू पावले. त्या अपघातात ५२० माणसे दगावली. ते तेव्हा अवघे ४३ वर्षांचे होते. २०११ साली भूकंप आणि त्सुनामीने जपान हादरला, तेव्हा लोकांना धीर देण्यासाठी हेच गीत पुन्हा गायिले गेले, तेही त्याच्या खऱ्या नावाने.

क्रमवारीने आपले काम चोख केले होते. किती तबकड्या खपल्या आणि किती वेळा वाजल्या, याचा हिशेब तिने ठेवला. परंतु पराभवातून उठलेले एक गीत पन्नास वर्षांनी त्याच देशातील आपद्ग्रस्तांच्या उपयोगी पडेल, हे तिच्या कोणत्याही रकान्यात मावणारे नव्हते. यादी वाचताना एवढे ध्यानात ठेवले, म्हणजे तिच्यातील आकड्यांना आपण योग्य तेवढाच मान देऊ.